राजीनाम्याचा शिष्टाचार

ब्रिटनच्या हाउस ऑफ कॉमन्सच्या सभासदास राजीनामा देता येत नाही, असा दंडक १६२४ सालापासून चालत आलेला असल्यामुळे, ज्यास बाहेर पडावयाचे असेल त्याने चिल्टर्न हंड्रेड्स अथवा नॉर्थस्टेड येथील नाममात्र कारभारकीसाठी अर्थमंत्र्याकडे अर्ज करावा, त्याने ती बहाल करावी, आणि सरकारी चाकरी पत्करल्याच्या सबबीवर सभासदत्व आपोआप संपुष्टात यावे, अशी तेथील रीत आहे. रॉदरहॅमचे मजूर पक्षीय सभासद डेनिस मॅकशेन यांनी खर्चापोटी एकोणीस खोटी बिले सादर केल्याचा ठपका सभागृहाच्या समितीने २०१२ च्या नोव्हेंबरात ठेवला, तेव्हा सरकारी पैशाच्या हिशेबात घोळ घालणाऱ्या या गृहस्थास निरोप देण्याकरिता राणीच्या पदरची नोकरी द्यावी लागली! बिले ज्या संस्थेची, तिचा कारभार त्यांच्याच हाती. बिलांवर सही करणारा व्यवस्थापक म्हणजे निव्वळ एक टोपणनाव. (साहित्यिकांनी टोपणनावाचा इतका किफायतशीर उपयोग केल्याचे ऐकिवात नाही.)

२९ नोव्हेंबरच्या पोटनिवडणुकीस जेमतेम एकतृतीयांश मतदार फिरकले, आणि १९३३ पासून मजूर पक्षाचा असलेला हा गड त्यांनी सारा चॅम्पियन यांच्या रूपाने पुनश्च त्याच पक्षाच्या पदरात टाकला. शिक्षा झाली ती सरकारात भागीदार असलेल्या लिबरल डेमोक्रॅट पक्षाला, जो आठव्या क्रमांकावर गेला.

मॅकशेन यांना न्यायालयाने २०१३ च्या डिसेंबरात सहा महिन्यांची कैद फर्मावली. त्या जागेसाठी मात्र अर्ज करावा लागला नाही.