मयत बायांचं मत उभ्या बाटलीला

आपल्या राज्यात दारूचं दुकान ज्या कायद्याखाली उघडतं, त्याचं नाव महाराष्ट्र दारूबंदी अधिनियम, 1949. पिणाऱ्यालाही परवाना लागतो. एका दिवसाचा घ्यायचा तर देशीला 2 रुपये, विदेशीला 5. आणि कशासाठी? प्रकृती सांभाळण्यासाठी! तेव्हा दिवेलागणीला अमरावती-अकोल्याच्या एखाद्या ले-आउटमध्ये दुकानापुढं जी झुंबड दिसते, ती रुग्णांची समजावी. कंपाउंडच्या भिंतीवर ओळीनं मांडलेले रिकामे पव्वे, तुळशीच्या ओट्यावर डिस्पोजल गिलास, नालीत पाणीपाऊच अन् फुटाण्याची टरफलं, हा सगळा बाह्यरुग्ण विभाग.

पूर्वी ही सेवा निदान महामार्गावर मिळायची. 15 डिसेंबर 2016 ला सुप्रीम कोर्टानं राष्ट्रीय आणि राज्य महामार्गांपासून 500 मीटरच्या आत दारूविक्री नको म्हटलं आणि 1 एप्रिल 2017 पासून अंमल सुरू झाला. बडनेरा, मूर्तिजापूर, अकोला असा मुंबई-कोलकाता महामार्ग आपल्या दारावरून जातो. दुकानदारांनी टेप लावला. त्याचं दुसरं टोक पडलं ते कोणाच्या तरी अंगणात. जुलैत कोर्टानं खुलासा केला की शहराच्या हद्दीतल्या दुकानांना ही अट नाही. पण अंगणात आलेला पाहुणा असा खुलासा वाचून उठतो थोडाच!

मग निवेदन. ठाण्यात गेलं की ऐकू येतं, "काहून बाप्पा, लायसन देल्लं उत्पादन शुल्कानं, अन् तुमी माह्या डोक्शावर येता?" उत्पादन शुल्कवाले म्हणतात, काउंटरच्या आत सगळं कायदेशीर आहे, बाहेर बसून पितो तो पोलिसांचा. रस्ता मनपाचा, ऑम्लेटची गाडी अतिक्रमण विभागाची. उलटी कोणाची, हे अजून कोणत्याच खात्यानं लेखी दिलेलं नाही. सार्वजनिक उपद्रवाचा अर्ज दंडाधिकाऱ्यांकडंही करता येतो. फौजदारी प्रक्रियेच्या जुन्या संहितेत त्याचं कलम 133 होतं, नव्या संहितेत 152 झालं. प्रगती आहे.

मार्च 2025 मध्ये सरकारनं विधानसभेत सांगितलं की गृहनिर्माण सोसायटीत नवं दुकान काढायचं तर सोसायटीचं ना हरकत प्रमाणपत्र लागेल. फार छान. आमच्याकडं प्लॉट पाडलेले असतात साहेब, सोसायटी कुठून आणायची?

खरी मौज मात्र आडव्या बाटलीची. राज्य सरकारच्या 2008 च्या आदेशानुसार वॉर्डातल्या 25 टक्के महिला मतदारांनी सह्या दिल्या की पडताळणी होते, मग गुप्त मतदान. चिठ्ठीवर दोन बाटल्या, उभी म्हणजे दुकान चालू, आडवी म्हणजे बंद. इथवर लोकशाही. पुढची अट अशी की आडवीला निम्म्याहून जास्त मतं हवीत ती पडलेल्या मतांच्या नव्हे, यादीतल्या एकूण मतदारांच्या. यादीत हजार बाया असतील, सहाशे उन्हात रांगेत उभ्या राहिल्या आणि त्यातल्या 480 जणींनी आडवी केली, तरी बाटली उभीच! लग्न होऊन पुण्याला गेलेली, बाळंतपणाला माहेरी गेलेली, आणि तीन वर्षांपूर्वी वारलेली आजी, या सगळ्यांचं मत उभ्या बाटलीला धरलं जातं. आमदाराला असली अट लावून पाहा. पडलेल्या मतांत एक मत जास्त मिळालं की त्याचा गुलाल उधळतो. बाटलीला मात्र स्वर्गवासींचाही पाठिंबा.

आणि हा सगळा कारभार त्या अमरावती जिल्ह्यात, ज्याच्या शेंडगावात गाडगेबाबा जन्मले आणि ज्याच्या मोझरीत तुकडोजी महाराजांनी आश्रम थाटला. दोघांनीही आयुष्यभर दारू सोडा म्हणून सांगितलं. विद्यापीठाला गाडगेबाबांचं नाव देऊन आपण तो विषय मिटवला.

तेव्हा बायांनो, मोर्चा नंतर काढा. आधी वॉर्डाची मतदार यादी मिळवा. वारलेल्यांची, गाव सोडून गेलेल्यांची नावं 7 नंबरचा फॉर्म भरून कमी करून घ्या. सही यादीतल्या नावाप्रमाणंच करा, नाहीतर पडताळणीत उडते. आणि मतदानाच्या दिवशी शेजारणीला घरातून हाताला धरून काढा. ती घरी बसली तर तिचं मत दुकानदाराच्या गल्ल्यात जमा होतं.