मुंगळ्याचा रोल

इडुक्कीतला एक फोटोवाला चारचौघांत मार खातो आणि बदला घेईपर्यंत पायात चप्पल घालणार नाही, असं ठरवतो. एवढ्याशा ऐवजावर मल्याळम 'महेशिंते प्रतिकारम' (२०१६) दोन तास मजेत चालतो. आमच्या बुलडाण्यात हा सिनेमा निघणं कठीण. इथं माणूस अनवाणी दिसला की तो शेगावला पायी निघालाय, असंच लोक धरून चालतात.

'दृश्यम'मधला चौथी शिकलेला केबलवाला मात्र आमच्याकडे सहज खपला असता. हिंदीत निशिकांत कामतांनी त्याला गोव्यात नेऊन बसवलं. कामत म्हणजे 'डोंबिवली फास्ट'वाले, घरचाच माणूस. म्हणून विचारतो, मलकापूर काय वाईट होतं?

चिखलीच्या मामींना मल्याळम ओ की ठो कळत नाही, तरी 'द ग्रेट इंडियन किचन' त्यांनी एका बैठकीत पाहिला. सासऱ्याला भात चुलीवरचा हवा, चटणी वाटलेली हवी, कपडे मशीनमधले नकोत. इथवर मामी गप्प होत्या. मग सिंकचा पाइप गळू लागला. बायको रोज आठवण करते, नवरा प्लंबरला सांगायचं रोज विसरतो. मामी वळल्या, "पाह्यता न? आपला नळ दिवाळीपासून गळून राह्यला." मामांना अचानक सोयाबीनचा भाव बघायचा होता.

असा भावात तोंड खुपसलेला वऱ्हाडी नवरा आपल्या पडद्यावर कुठे असतो? आमचा माणूस तिथे हसवायला तरी येतो, नाहीतर फास घ्यायला. सतीश मनवरांचा 'गाभ्रीचा पाऊस' (२००९) उत्तमच. पण मधल्या काळात आम्ही जेवतो, भांडतो, सोयरिकी मोडतो, त्याचं काय?

कथा हवी तर आमच्याच जिल्ह्यातल्या भेंडवळला या. अक्षय तृतीयेला शेतात घट मांडतात. भोवती वर्तुळात अठरा धान्यं, मध्ये पावसाळ्याच्या चार महिन्यांची चार ढेकळं, वर पाण्याची घागर, पापड, कुरडई. रात्री तिकडे कोणी फिरकत नाही. पहाटे वाघ घराण्यातले महाराज काय जागचं हललं ते बघून पाऊसपाणी आणि पिकं सांगतात, विड्यावरून राजाची गादीसुद्धा.

आता 'महेशिंते प्रतिकारम'मधल्या फहाद फासिलला कृषी केंद्राचा मालक करा. कपाशीच्या भरवशावर त्यानं उधारीत बियाणं भरलंय, आणि एक मुंगळा सरकी ओढत वर्तुळाबाहेर निघालाय. हा बांधावरून नुसता बघतोय. मध्यंतर इथेच. मुंगळा मानधन मागणार नाही, निर्मात्याला तेवढीच सवलत.