फक्त जोडे गेले

ओझ देशात जायला व्हिसा लागत नाही. अडचण एकच आहे : देशाला चारी बाजूंनी वाळवंटाचा वेढा आहे आणि त्या वाळूला पाय लागला की माणसाची माती होते. ‘माती होणे’ हा इथे वाक्प्रचार नाही. लायमन फ्रँक बाउम या अमेरिकन लेखकाने १९०० साली ‘द वंडरफुल विझर्ड ऑफ ओझ’मध्ये हा देश वसवला आणि १९०९ च्या ‘द रोड टू ओझ’मध्ये वाळवंटाच्या काठावर रीतसर पाटीही लावली : पुढे जाऊ नका, जिवंत देहाची क्षणात धूळ होईल. पाटी वाचून शहाण्याने मागे फिरावं हे खरं. पण प्रवासवर्णन लिहिणाऱ्याने पाटीवर विसंबू नये, नुकसानीचा हिशेब मागावा. तो मागितला तर गंमत दिसते. पाहुण्यांपैकी एकाचीही धूळ झालेली नाही. गेलं ते एवढंच : पहिल्या पुस्तकाच्या शेवटी त्याची छोटी नायिका डोरोथी टाचा तीनदा आपटून कॅन्ससला उडाली, तेव्हा तिच्या पायातले चांदीचे जोडे वाटेत निसटले आणि वाळवंटात कायमचे हरवले. जगातल्या सर्वांत भयंकर वाळवंटाची ही कामगिरी! एवढं नुकसान तर आपल्याकडे कुठल्याही देवळाच्या पायरीवर होतं.

तरीही हे वाळवंट कुचकामी आहे, असं म्हणता येत नाही. ते माणसं खात नाही, वाहनं खातं. डोरोथी पहिल्यांदा आली ती चक्रीवादळात उडालेल्या घरातून. घर तिथेच राहिलं. १९०९ साली राणी ओझ्माच्या वाढदिवसाला निघालेली मंडळी काठावर अडकली. समारंभ ठरला होता, गाडीची सोय नव्हती. हा यजमानांचा घोळ आपल्या ओळखीचा आहे. मग जॉनी डूइट नावाचा कारागीर तांब्याच्या पेटीतून हत्यारं काढतो आणि बघता बघता वाळूवर घसरत जाणारी शिडाची नाव ठोकून देतो. स्वतः मात्र तीत बसत नाही. कारागीर आपल्या हातच्या वस्तूत बसायला तयार नसेल तर गिऱ्हाइकाने समजायचं ते समजावं. नाव सुसाट सुटते, पलीकडच्या काठावर खडकाला आपटून फुटते आणि पाहुणे गवतात जाऊन पडतात, सगळे धडधाकट. समारंभ आटोपल्यावर जादूगाराने पाहुण्यांना घरी धाडलं ते साबणाच्या फुग्यांतून. साबणाच्या फुग्याचं परतीचं तिकीट कोणी काढत नाही. घर, जोडे, नाव, फुगे, सगळ्यांची कथा तीच : माणूस पोचतो, वाहन संपतं. हे वाळवंट म्हणजे मोठा टोलनाका आहे, आणि इथे टोल म्हणून अख्खं वाहन जमा करावं लागतं.

यावर पहिला आक्षेप गालिच्याचा. १९०७ च्या ‘ओझ्मा ऑफ ओझ’मध्ये ओझ्मा फौजेसह जादूच्या गालिच्यावरून वाळवंट ओलांडते, गालिचा पुढे उलगडत जातो, मागे गुंडाळत येतो, आणि त्याच्या केसालाही धक्का लागत नाही. या फौजेत अधिकारी २६ आणि शिपाई एक. उत्तर सोपं आहे : सरकारी गाडीला टोल माफ असतो, आणि २६ साहेबांमागे एक शिपाई ही फौज सरकारी असल्याचा याहून सबळ पुरावा नको. दुसरा आक्षेप १९०४ चा. ‘द मार्व्हलस लँड ऑफ ओझ’मध्ये मोंबी चेटकीण ग्रिफिनचं रूप घेऊन याच वाळूतून धावली, पाय रुतले, दमून कोसळली, धूळ मात्र झाली नाही. मग मरणाची अट खोटी का? खोटी नाही, नंतरची. घाटातल्या वळणावरही वर्दळ वाढल्यावरच पाटी लागते. वाचक वाढले, येणारे वाढले, तशी वाळूही कडक झाली.

तिसरा आक्षेप जास्त शहाणा आहे : ही मुलांची पुस्तकं, त्यांत मरण कसं दाखवणार? बाउमनेही पहिल्या पुस्तकाच्या प्रस्तावनेत काळीज पिळवटणाऱ्या आणि झोप उडवणाऱ्या गोष्टी वगळल्याचं सांगितलं आहे. पण त्याच पुस्तकात एक चेटकीण घराखाली चिरडते, दुसरी पाण्याने विरघळते आणि टिनचा लाकूडतोड्या ४० लांडग्यांची मुंडकी उडवतो. हात एवढा सैल असलेल्या लेखकाला एखादा प्रवासी वाळूत घालणं जड नव्हतं. त्याने घातला नाही, कारण त्याला वेगळीच वसुली करायची होती.

ती वसुली जोड्यांवरून कळते. चांदीचे जोडे कपाटात राहिले असते तर डोरोथी दर रविवारी ओझला जाऊन संध्याकाळी परतली असती. मग १९०७ साली समुद्री वादळात कोंबड्यांच्या खुराड्यावरून वाहत जायची गरज नव्हती, १९०८ साली भूकंपाने फाटलेल्या जमिनीत पडायचीही नव्हती. लेखकाला रोज नवी वाट शोधायला लावणारं असं हे वाळवंट आहे. १९१० च्या ‘द एमराल्ड सिटी ऑफ ओझ’मध्ये शत्रूने वाळूखालून बोगदा खणला, खुद्द ओझ्मालाच वाटू लागलं की माणसांनी आता विमानं काढली आहेत, वाळवंटाचा आडोसा पुरणार नाही. तेव्हा ग्लिंडा या भल्या चेटकिणीने अख्खा देश अदृश्य केला आणि बाउमने मालिका मिटवली. नाका बंद झाला, पण गिऱ्हाईक हटेना. १९१३ साली बाउमला परत यावं लागलं, ते बिनतारी संदेशाच्या मार्गाने. तारच नसल्यामुळे या वेळी वाळवंटाला खायला काही मिळालं नाही.