न खेळणाऱ्यांचं इनाम

आजोबांच्या ट्रंकेत इनामाची एक जीर्ण सनद होती. चंद्रसूर्य असेतोवर जमीन तुमची, अशा थाटाचा मजकूर. चंद्रसूर्य जागेवर आहेत. जमीन तेवढी गेली. त्यामुळे अमेरिकेतल्या सिल्ना बंधूंची हकीकत कळली तेव्हा मला कौतुकाआधी असूयाच वाटली.

ओझी आणि डॅनियल सिल्ना हे कापडधंद्यातले. 1974 साली त्यांनी ‘एबीए’ या बास्केटबॉल लीगमधला कॅरोलायना कूगर्स हा संघ विकत घेतला आणि बाडबिस्तऱ्यासह सेंट लुईसला आणला. वैमानिक लिंडबर्गच्या विमानावरून नाव ठेवलं ‘स्पिरिट्स ऑफ सेंट लुईस’. विमानाने अटलांटिक ओलांडला होता; संघ दोन हंगामांतच जमिनीवर आला. साखळीत 67 सामने जिंकले, 101 हरले. मधेच 1975 मध्ये ज्युलियस अर्व्हिंगच्या नेट्सना, म्हणजे चक्क गतविजेत्यांना, 4-1 असं बाद फेरीतून घरी धाडलं. परीक्षेत गटांगळ्या खाणाऱ्या पोराने एकदम गणितात पहिलं यावं, तसं.

लीगच रंगेल. चेंडू लाल-पांढरा-निळा, जत्रेतून आणल्यासारखा. आणि खेळाडू मार्व्हिन बार्न्ससारखे. सांगतात की, लुईव्हिलहून परतताना त्याने विमानाचं वेळापत्रक पाहिलं, तर विमान सुटण्याच्या वेळेआधीच सेंट लुईसला पोचत होतं. दोन गावांच्या घड्याळांत तासाचा फरक. पण बार्न्स म्हणाला, असल्या कालयंत्रात मी बसणार नाही, आणि भाड्याची गाडी करून निघाला. (आमच्या एसटीने हा चमत्कार कधी केला नाही, तिचा कल नेहमी उलट दिशेला.)

1976 मध्ये एबीए मोडली. नेट्स, नगेट्स, पेसर्स आणि स्पर्स एवढ्या चौघांना एनबीए या प्रतिस्पर्धी लीगने पदरात घेतलं. उरलेल्यांपैकी केंटकी संघाचा मालक तीसेक लाख डॉलर घेऊन गुमान बाजूला झाला. सिल्नांनी मात्र 22 लाख रोख घेतले आणि वर मागितला त्या चारही संघांच्या टीव्ही-उत्पन्नातला सातवा हिस्सा. किती वर्षं? एनबीए असेपर्यंत.

तेव्हा टीव्हीचं उत्पन्न ते काय! पुढे तर अंतिम सामनेसुद्धा चित्रमुद्रित करून रात्री उशिरा दाखवत. शेवग्याच्या झाडावरचा हक्क मागावा तसा तो हिस्सा कुणी हसत दिला असेल. मग बर्ड आला, मॅजिक आला, जॉर्डन हवेत उडाला. घाम त्यांचा, आणि खळ्यावर रास मोजायला सिल्ना हजर. संघ नाही, मैदान नाही, साधी शिट्टीसुद्धा नाही. 2014 पर्यंत सुमारे 30 कोटी डॉलर घरपोच आले. त्या वर्षी एनबीएने आणखी 50 कोटी मोजून बहुतांश हक्क सोडवून घेतला.

हा करार सिल्नांच्या बाजूने घडवला वकील डोनाल्ड शूपॅक यांनी. आमची सनद कुणी लिहिली, कुणास ठाऊक. अक्षर मात्र फार सुरेख होतं.