टक् ऐकू आलं का?

रविवारी सकाळी पेपर आणायला खाली उतरलं की आमच्या सोसायटीच्या पार्किंगमध्ये एका जुन्या गाडीच्या उघड्या दारातून दोन पाय बाहेर आलेले दिसतात. पायात रबरी स्लिपर, पायजमा पोटरीपर्यंत दुमडलेला. त्यापुढचा माणूस डॅशबोर्डखाली. नवा वॉचमन आला त्या आठवड्यात त्याने हे पाय बघून सेक्रेटरींना झोपेतून उठवलं होतं. आता तोही सरावलाय. पायांना रामराम करून पुढे जातो.

"कोण, तुम्ही का?" पाय विचारतात. चपलेच्या आवाजावरून माणूस ओळखणाऱ्यांपैकी ते आहेत. "जरा चावी ऑन करा. सेल्फ मारायचा नाही हं, नुसती ऑन. आणि सांगा, टक् ऐकू आलं का?"

मी चावी ऑन करतो. मला कधी टक् ऐकू येतं, कधी नाही, आणि कधी ते आलं होतं की शेजारच्या बाल्कनीत कुणी नारळ फोडला हे सांगता येत नाही. पण "बहुतेक आलं" असं म्हटलेलं पायांना खपत नाही. "बहुतेक नको. हो की नाही?" अशा वेळी मला शाळेतल्या तोंडी परीक्षेची आठवण होते.

हे आमचे निदानकाका. त्यांचं खरं नाव सोसायटीच्या पाटीवर आहे, ते तिथेच राहू दे. असा एक गृहस्थ प्रत्येक सोसायटीत असतो. तो बहुधा निवृत्त असतो, आणि नोकरीत त्याचा यंत्राशी संबंध टेबल फॅनपलीकडे आलेला नसतो. दुरुस्तीत त्याला रस नसतो. "दुरुस्ती काय हो, कुणीही करील. नेमकं बिघडलंय काय, ते आधी कळायला पाहिजे." हे वाक्य काका गाडीबद्दल म्हणतात, लिफ्टबद्दल म्हणतात आणि हॉस्पिटलात भेटायला गेले की पेशंटच्या उशाशी बसूनही म्हणतात. माझ्या मेव्हण्याचा ईसीजी चांगला आला, तेव्हा घरात सगळ्यांनी सुस्कारा सोडला. काकांनी तेवढं विचारलं, "झोपवून काढला ना? मग लोडवर कसं कळणार?" त्यांच्या पुतण्याचं लग्न दोन वर्षं जमत नव्हतं, त्याचंही निदान तयार होतं: "दोन्हीकडे सप्लाय आहे. मधला कॉन्टॅक्ट होत नाहीये."

गाडी २००२ सालची. कुठल्या कंपनीची ते सांगणार नाही. या वयात माणसाचेही सांधे वाजतात, त्यात जन्म देणाऱ्याला कशाला दोष द्या? पंधरा वर्षं झाली तेव्हा आरटीओत नेऊन काकांनी तिची पुन्हा नोंदणी केली, मग आणखी पाच वर्षांनी पुन्हा. मधल्या काळात, २०२२ साली, ६०० रुपयांची फी ५,००० झाली, तेव्हा काकूंनी "आता काढून टाका" असं सुचवून पाहिलं. काकांनी ती पावती लॅमिनेट करून कपाटात ठेवली.

मुळात काकांचं सगळं शिक्षण वडिलांच्या गाडीवर झालेलं. ती कुर्ल्याच्या कारखान्यातली पद्मिनी. तिचा पेट्रोलपंप इंजिनलाच चिकटलेला असायचा. इंजिन फिरलं की तो आपोआप पेट्रोल ओढायचा, वीज नाही की वायर नाही. गॅरेजवाले त्याला एसी पंप म्हणायचे, आणि एअर कंडिशनरशी त्याचं काही नातं नव्हतं. उलट मे महिन्यात घाटात तोच तापायचा, नळीतल्या पेट्रोलची वाफ व्हायची आणि गाडी बसायची. मग वडील पंपावर ओला पंचा टाकायचे, आई थर्मासमधला चहा काढायची आणि दहा मिनिटांत रोगी बरा. निदान आणि उपचार दोन्ही एकाच पंच्यात. पुढे प्रदूषणाचे नियम आले, कार्ब्युरेटर गेला, इंजेक्शन आलं. त्याला पेट्रोल जोरात लागतं, म्हणून पंप विजेचा झाला आणि थेट टाकीत जाऊन बसला. त्याला वीज द्यायची की नाही हे गाडीचा कॉम्प्युटर ठरवू लागला. पण कॉम्प्युटरचा हात नाजूक. पंपाला पाच-सहा अँपिअर लागतात, तेवढी वीज त्याच्या बोटांना झेपत नाही. म्हणून मध्ये एक हमाल ठेवला. तो हमाल म्हणजे रिले.

रिलेवर काका बोलायला लागले की चहाचे दोन कप होतात. आगपेटी निम्मी केली तर होईल एवढा तो काळा ठोकळा. खाली चार पाय, त्यांचे आकडे जर्मनांनी ठरवलेले: ३०, ८५, ८६, ८७. हे चार आकडे काकांना नातवंडांच्या वाढदिवसांपेक्षा पाठ आहेत. ८५ आणि ८६ यांच्यामध्ये तांब्याच्या बारीक तारेचं वेटोळं. त्यात इवलासा करंट गेला की त्याचं लोहचुंबक होतं, ते एका पत्र्याच्या जिभेला ओढतं आणि ३० नंबरवर बॅटरीहून येऊन तिष्ठत बसलेला मोठा करंट ८७ मधून पंपाकडे धावतो. जीभ आपटते तेच ते टक्. "आणि शब्द कुठून आला माहितीये? घोड्यांवरून!" टपाल घेऊन येणारा घोडा दमला की चौकीवर ताजा घोडा मिळायचा, तो रिले. पुढे तारायंत्र आलं. लांबच्या तारेत करंट दमायला लागला, तर वाटेत नव्या बॅटरीचा ताजा करंट जोडायचा. ते उपकरण अमेरिकेत जोसेफ हेन्रीने १८३५ च्या सुमाराला केलं. "म्हणजे आपल्या डॅशबोर्डखाली डाकचौकी आहे!" हे सांगताना काकांचा चेहरा असा होतो, की चौकीचे कारभारी तेच.

तर ही डाकचौकी पहिल्यांदा बंद पडली ती खंबाटकी घाटात, मे महिन्यात, दुपारी एकला. साताऱ्याला मुंजीला निघालेली गाडी चढावर दोन आचके देऊन उभी राहिली. सेल्फ जोरात फिरत होता, इंजिन पकडत नव्हतं. घाटात गाडीचं बोनेट उघडलं की महाराष्ट्रातल्या सगळ्या निदानकाकांना वास लागतो. एकजण म्हणाला प्लग, दुसरा म्हणाला पेट्रोलमध्ये कचरा, ट्रकवाल्याने लिंबू बदला म्हणून सांगितलं. काकांनी वडिलांचं स्मरण करून ओला पंचा काढला, पण टाकायचा कुठे? पंप टाकीत, पेट्रोलमध्ये बुडालेला. शेवटी त्यांनी तो स्वतःच्या डोक्यावर टाकला. अर्ध्या तासाने गाडी आपसूक सुरू झाली. मुंज चुकली, जेवण मिळालं.

त्या घाटातच काकू म्हणाल्या होत्या, "मागची माशी गुणगुणली नाही आज." काकू नेहमी मागे बसतात. पुढच्या सीटवर काकांची हत्यारांची पेटी, दोर, पाण्याचा कॅन आणि चष्म्याच्या घरात ठेवलेला मल्टिमीटर असतो, तिथे बायको मावत नाही. वीस वर्षं मागच्या सीटवर, म्हणजे नेमकं टाकीच्या डोक्यावर बसून त्यांना एक गोष्ट ठाऊक झालेली: चावी ऑन केली की सीटखाली दोन-तीन सेकंद बारीक गुंऽऽ होतं आणि थांबतं. इंजिन फिरण्याआधी कॉम्प्युटर पंप तेवढाच वेळ चालवून नळीत दाब भरून ठेवतो, तो तो आवाज. गुंऽऽ नाही म्हणजे पंपाला वीज नाही, किंवा पंपच गेला. निम्मं निदान काकूंनी घाटातच, डब्यातली चटणी-पोळी काढता काढता सांगून टाकलं होतं. पण काका माशी शोधत नव्हते, ते टक् शोधत होते.

पहिला रविवार फ्यूज बघण्यात गेला. फ्यूज धडधाकट होता, तरीही तो काढून, फुंकर मारून, बनियनला पुसून परत लावला. दुसरा रविवार रिले सापडण्यात गेला. फ्यूजबॉक्सच्या झाकणावर नकाशा होता, पण वीस वर्षांच्या उन्हाने त्यावर रस्ते उरले होते, गावं पुसली होती. मग तो पायांचा योग. डोकं क्लचच्या पेडलजवळ, एक हात वर, तोंडात टॉर्च. चावीवर मी. मी ऑन करायचं, काकांनी एकेका ठोकळ्यावर बोट ठेवून बघायचं की आत काही उडतंय का. डॉक्टर नाडी बघतात तसं. चौथ्या ठोकळ्याला काका आतून ओरडले, "टक्!" टॉर्च तोंडातून छातीवर पडला.

आणि इथेच गाडं अडलं. टक् येत होतं, म्हणजे रिले ठीक. काकांनी तो उपटून मल्टिमीटर लावला. वेटोळ्याचा रोध ८४ ओहम, अगदी शिस्तीत. सकाळच्या गारव्यात गाडीही सुरू व्हायची, आणि दुपारी भाजी मंडईच्या दारात बंद पडायची. रोग असा, की डॉक्टरसमोर आला की ताप उतरतो. काका आता टाकीखाली वाकून रबरी हातोडीने टाकी ठोकून पाहू लागले. पंप जाम असेल तर हादऱ्याने फिरतो, हे खरं. पण फिरला तो फक्त तळमजल्यावरच्या कुत्र्याचा माथा.

पाचव्या आठवड्यात काकू मला म्हणाल्या, "यांना नाना पेठेत घेऊन जा. मी सांगितलं असं सांगू नका."

नाना पेठेत गाडीचा सुटा भाग मिळत नाही असं होत नाही, आणि सल्ला तर त्याहून स्वस्त. तिथल्या एका ऑटो इलेक्ट्रिशियनला काका उस्ताद म्हणतात, आणि मनातून विद्यार्थी समजतात. उस्तादने मल्टिमीटरकडे पाहिलंही नाही. खिशातून टेस्ट लॅम्प काढला, म्हणजे एक बल्ब, दोन वायरी, एक चिमटा. गाडी तापलेलीच होती. ८७ वर बल्ब लावून मला म्हणाला, "साहेब, चावी मारा." टक् आलं. बल्ब कसाबसा लालसर झाला, आणि मिटला.

"पण टक् आलं!" काका म्हणाले.

"काका, टक् म्हणजे दार वाजलं. आत कुणी आलं का ते बघायला नको?" मग मल्टिमीटरकडे हनुवटी करून, "हा मीटर नुसता विचारतो, आहेस का? करंट म्हणतो, आहे. बल्ब काम करून घेतो."

मी एवढं सोपं भाषण इंजिनिअरिंगला चार वर्षं काढून ऐकलं नव्हतं. काका मात्र गप्प झाले. त्यांना दुःख रिलेचं नव्हतं. "लोडवर बघा" हे त्यांचंच वाक्य, ते दुसऱ्याने त्यांच्यावर वापरलं होतं. उस्तादने ठोकळ्याचं टोपण उघडलं. आत जिभेच्या टोकाला टिकलीएवढा कॉन्टॅक्ट जळून काळा झाला होता. वीस वर्षं दर वेळी एक बारीक ठिणगी, तिचा हा हिशेब. वर गरमीत तांब्याचा रोध वाढतो, चुंबकाची ओढ कमी होते, आणि जीभ टेकते पण दाबत नाही. "३० आणि ८७ मध्ये वायर टाकून बायपास देऊ का?" उस्तादच्या पोऱ्याने विचारलं. काका एकदम जिवंत झाले. "अजिबात नाही! उद्या कुठे धडक बसली, इंजिन बंद पडलं, तरी पंप पेट्रोल फेकत राहील. कॉम्प्युटर तो तोडतो, ते उगीच नाही!" उस्तादने मान डोलावली, पोऱ्याच्या डोक्यात टपली मारली. काकांची अब्रू राहिली.

नवा रिले दोन दुकानं सोडून मिळत होता, शे-दोनशे रुपयांत. पण काकांना आता पुरावा हवा होता. त्याच बॉक्समध्ये हॉर्नचा रिले सख्ख्या भावासारखा, तेच चार पाय, तेच आकडे. काकांनी दोघांची अदलाबदल केली. सिद्धांत असा: पंप सुधारला आणि हॉर्न बिघडला, तर गुन्हेगार नक्की.

सिद्धांत शंभर टक्के खरा ठरला. गाडी त्या दिवसापासून कुठेही बंद पडलेली नाही. हॉर्न सकाळी खणखणीत वाजतो, अकरानंतर घोगरा होतो, दुपारी बाराला मौनात जातो आणि दिवेलागणीला पुन्हा बोलू लागतो. मी दहादा सांगितलं की आता नवा रिले आणून टाका, हॉर्नशिवाय गाडी चालवणं कायद्यातही बसत नाही. काका म्हणतात, "टाकू ना. पण आधी पावसाळ्यात कसा वागतो ते बघायला पाहिजे. ओलाव्याचा परिणाम नोंदवायचा राहिलाय." त्यासाठी एक वही केली आहे. तारीख, वेळ, तापमान, आवाज.

गेल्या बुधवारी त्यांच्याबरोबर लक्ष्मी रोडला जायचा योग आला. पुढे पेटी, म्हणून मी मागे, काकूंच्या शेजारी. चावी ऑन झाली, सीटखाली गुंऽऽ झालं, काकूंनी समाधानाने पदर सावरला. वेळ दुपारी दीडची. रस्ता पुण्याचा. समोर हातगाडी, तिच्यापुढे रिक्षा, मधून दुचाक्या. काकांनी हॉर्न दाबला. डॅशबोर्डखालून स्पष्ट, स्वच्छ टक् आलं, आणि पुढे काहीच नाही.

"आलं का ऐकू?" काका मागे वळून आनंदाने म्हणाले, आणि वही काढली.

काकूंनी काच खाली केली, डोकं बाहेर काढलं आणि "अहो, सरका, सरका जरा बाजूला!" असा जो आवाज टाकला, त्याने हातगाडी हलली, दोन दुचाक्या फुटपाथवर चढल्या. रिक्षावाला मात्र वळून बघत राहिला. म्हणाला, "आजी, हॉर्न नाही काय गाडीला?"

"आहे की," काकू म्हणाल्या. "संध्याकाळी वाजेल."