बेताचा खराब रस्ता

पुणे ते उंब्रज हा रस्ता आजारी गाडीला काही उपयोगाचा नाही. फारच चांगला आहे. कात्रजचा बोगदा ओलांडल्यापासून सासरे पुढच्या सीटवर कान टवकारून बसले होते. खंबाटकी चढून उतरलो, सातारा मागं पडलं, तरी त्यांच्या कानी काही पडलं नव्हतं.

"जावईबापू, आवाज येतो म्हणता. पण येतो कुठं?"

सासरे गणिताचे निवृत्त शिक्षक. त्यांना कुठलीही गोष्ट नुसती सांगून चालत नाही, सिद्ध करून दाखवावी लागते. मागच्या सीटवर माझी बायको, मेव्हणी आणि साडू. साडू दातांचे डॉक्टर आहेत. दुखतंय म्हणणाऱ्या माणसावर त्यांचा विश्वास असतो, पण कुठं दुखतंय हे त्याला कळत असेल यावर मुळीच नसतो. निघालो होतो गुहागरला, व्याडेश्वराच्या दर्शनाला. सासऱ्यांचं ते कुलदैवत. गाडी मात्र माझी, आणि ती टकटक करत होती.

म्हणजे पुण्यात करत होती. पुढून, डावीकडून, वेग कमी असताना, कुणीतरी खालून बोटाच्या पेराने दार वाजवावं तशी. तिथल्या एका गॅरेजवाल्याने गाडी नव्या काँक्रीटच्या रस्त्यावर फिरवून आणली आणि "काही नाही साहेब, वय झालंय" म्हणून परत दिली. वय कुणाचं, ते त्याने सांगितलं नाही. दुसऱ्याने पुढचे दोन्ही शॉकअप बदलले. आवाज तोच राहिला, फक्त महाग झाला.

उंब्रजला महामार्ग सोडून पाटणच्या बाजूला वळलो आणि पावसाळ्याने जागोजागी चघळलेला डांबरी रस्ता लागला. दोन-चार ठिगळं ओलांडली असतील नसतील, टक. मग टक-टक. मला इतका आनंद झाला की मी हसलो. गाडीत हसणारा मी एकटाच.

"डिकीतला स्टीलचा डबा," बायको म्हणाली. मल्हारपेठच्या अलीकडे गाडी बाजूला घेऊन डबा पुढं आणला. त्यातल्या चकल्या संपवल्या, म्हणजे डबा वाजायला आणखी मोकळा. आवाज डाव्या चाकापाशीच. "जॅक सैल असेल," मेव्हणी म्हणाली. जॅक चादरीत गुंडाळला. टक-टक.

"कधी होतं?" साडूंनी विचारलं. "सारखं होतं, की चावल्यावर?"

सगळे हसले, पण प्रश्न बरोबर होता. अख्ख्या प्रवासात मुद्द्याचं बोललेला हा पहिला माणूस. त्याचं उत्तर मात्र गावोगावच्या गतिरोधकांनी दिलं.

गतिरोधक कसा असावा हे इंडियन रोड्स काँग्रेसने ठरवून दिलंय. उंची १० सेंटिमीटर, रुंदी ३.७ मीटर. म्हणजे जुनी मारुती ८०० त्यावर उभी केली तर पुढचं-मागचं बंपर धरून मावेल, वर थोडी जागा उरेल. प्रत्यक्षात गावात एखादी म्हैस वाचली की दुसऱ्या दिवशी जो उंचवटा उभा राहतो, त्याची मापं म्हशीच्या मालकाच्या मनात असतात. भरलेली गाडी असल्या ब्रेकरवर सरळ घातली तर पोट घासतं. म्हणून आपण सगळेच एक चाक आधी, एक नंतर अशी तिरकी घालतो. तशी घातली की टक-टक. एका ठिकाणी समोरून उसाचा ट्रॅक्टर आला, तिरकं व्हायला जागाच मिळाली नाही, सरळ गेलो. गाडी चिडीचूप.

सासऱ्यांनी हात वर केला. "थांबा. हे पुन्हा करा."

पुढच्या गावात सरळ. गप्प. त्याच्या पुढच्या गावात तिरकी. टक. वर्गात असावी तशी शांतता पसरली आणि मग त्यांनी सिद्धांत मांडला. "दोन्ही चाकं एकदम वर गेली की दोष नाही. एक गेलं आणि दुसरं मागं राहिलं की दोष आहे. म्हणजे दोष चाकांत नाही. दोघांच्या नात्यात आहे."

मी आरशात पाहिलं. साडू खिडकीबाहेर बघत होते.

पण सासरे अक्षरशः बरोबर होते. पुढच्या दोन चाकांमध्ये नातं जोडणारा एक दांडा असतो. त्याला पुस्तकात अँटी-रोल बार म्हणतात, गॅरेजात स्टॅबिलायझर. स्प्रिंगच्या पोलादाचा, इंग्रजी यू अक्षरासारखा वाकवलेला. दोन टोकं दोन चाकांकडे, मधला भाग दोन रबरी बुशांत धरून गाडीच्या पोटाला आवळलेला. वळणावर गाडी बाहेरच्या अंगाला कलायला लागली की त्या बाजूचं चाक आत दाबलं जातं, दांड्याला पीळ पडतो, आणि तो पीळ गाडीला सरळ ओढतो. दोन्ही चाकं एकदम वर गेली तर पीळ कसला? दांडा बुशांत नुसता फिरतो. कॅनडातल्या फ्रेडरिक्टन गावच्या स्टीफन कोलमन नावाच्या माणसाने १९१९ साली याचं पेटंट घेतलं. त्याच्या गावात ब्रेकर असायचं कारण नव्हतं.

दांड्याचं टोक चाकाशी जोडणारी वीतभर लांबीची काडी म्हणजे लिंक. तिच्या दोन्ही टोकांना छोटे बॉल जॉइंट असतात. ते झिजले की चाकं वेगवेगळी हलताना टकटक, आणि बुश झिजले की जरा जाड, बसका ठक. हे मी वाचलेलं होतं. पण वाचलेल्याला सासऱ्यांच्या गाडीत, म्हणजे सासरे बसलेल्या माझ्या गाडीत, किंमत नव्हती.

हेळवाकला चहाला थांबलो. तिथं निदानाची काही कमतरता नव्हती. एकाने टाय रॉड एंड सांगितला, एकाने बेअरिंग, आणि कोयनेच्या बाजूने आलेल्या एका जीपवाल्याने गाडीकडे न बघता शॉकअप. "नवीन आहेत," म्हटलं तर म्हणाला, "मग नवीन खराब निघाले." या देशात शॉकअपवर जितके आरोप होतात तितके पुढाऱ्यांवरही होत नसतील.

कुंभार्ली घाट उतरताना ढग रस्त्यावर आले होते. बाहेर हिरवंगार, आणि आत पाच माणसं डाव्या वळणाला डावीकडे कान लावून. दरी कुणी पाहिली नाही. पोफळीच्या पुढं मात्र रस्ता इतका बिघडला की निदानच बंद पडलं. दारं वाजायला लागली, डॅशबोर्ड वाजायला लागला, मेव्हणीच्या बांगड्या वाजायला लागल्या. या आजाराला गुळगुळीत रस्ता चालत नाही आणि उद्ध्वस्तही चालत नाही. बेताचा खराब रस्ता लागतो. तो पाटणकडे मागं राहिला होता.

चिपळूणला बहादूरशेख नाक्याच्या जवळ एक गॅरेज दिसलं. पत्र्याची शेड, जमिनीत खणलेला लांबट खड्डा, आणि स्टूलवर बसून कार्ब्युरेटर धुणारे एक मिस्त्री. मी पुण्यापासून सुरुवात केली. त्यांनी हातातला ब्रश वर केला.

"ब्रेकर सरळ घेतला तर वाजतो?"

"नाही."

"तिरका?"

"वाजतो."

"लिंक," म्हणाले, आणि पोऱ्याला चहा सांगायला पाठवलं.

सासऱ्यांचा चेहरा उतरला. ज्या प्रमेयाला अख्खा पाटण तालुका लागला, ते या माणसाने दोन प्रश्नांत संपवलं होतं. साडूंना मात्र एवढ्यावर दात काढणं, म्हणजे लिंक काढणं, मंजूर नव्हतं. चहा येईस्तोवर त्यांनी स्वतः डिकीतून चादरीतला जॅक काढला, डावं चाक उचललं, हात घालून लिंक धरली आणि जोर लावून हलवली. हलेना. "घट्ट आहे!" ते खालूनच ओरडले. "लिंक नाहीये!"

मिस्त्री उठले नाहीत. "एकच चाक उचललंत डॉक्टर. एक वर, एक खाली, म्हणजे दांड्याला पीळ बसला. पिळाने लिंक ताणून धरली. ताणलेली कशी हलेल? खाली घ्या."

गाडी खड्ड्यावर घेतली, चारी चाकं जमिनीवर. पोऱ्या बॉनेटपाशी उभा राहून गाडी डावी-उजवी डोलवायला लागला. मिस्त्रींनी साडूंना खड्ड्यात उतरवलं, त्यांचं बोट लिंकच्या वरच्या जॉइंटवर टेकवलं आणि म्हणाले, "आता बघा." टक. बोटाखाली. साडू काही क्षण तसेच उभे राहिले. मग व्यावसायिक आवाजात म्हणाले, "मोबिलिटी आहे. ग्रेड थ्री."

मीही उतरून पाहिलं. जॉइंटवरचं रबरी बूट एका बाजूने फाटलेलं, आत ग्रीस असायचं तिथं ओली तांबडी वाळू. घाटमाथ्याची होती की कोकणातली, सांगता येत नव्हतं.

नट काढणं हा वेगळा प्रवास. आधी तारेचा ब्रश, मग गंज सोडवणाऱ्या तेलाचा फवारा, मग चहा, कारण तेलाला वेळ द्यावा लागतो. पाना लावला. नट अर्धा फिरला आणि त्याच्याबरोबर आतला बोल्टही फिरायला लागला. बॉल जॉइंटच्या बोल्टला हे व्यसनच असतं. तो धरून ठेवायला त्याच्या टोकाला ॲलन कीसाठी सहा कोनी भोक ठेवलेलं असतं, आणि त्या भोकात चिखल भरलेला असतो. पोऱ्याने खिळ्याने चिखल कोरला. साडू वाकून बघत होते. "अगदी असंच," ते पुटपुटले. की बसवली, पाना ओढला, कट्. भोक गोल झालं.

मिस्त्रींनी मान हलवली आणि ग्राइंडर मागवला. ब्रेकच्या पाइपवर ओलं फडकं टाकलं, ठिणग्यांचा झोत सुटला, आणि दवाखान्यात दिवसभर याच सुराचं यंत्र चालवणारे आमचे डॉक्टर दोन्ही कानांवर हात ठेवून रस्त्यापर्यंत मागं सरकले. लिंक खाली पडली. मिस्त्रींनी ती उचलून आडवी धरली, तर जॉइंटचं टोक आपल्याच वजनाने लुळं होऊन लोंबलं. नवीन लिंक धरली. तिचं टोक जिकडे वळवावं तिकडेच ताठ राहत होतं.

"दोन्ही बाजूच्या टाकतो," मिस्त्री म्हणाले.

"उजवी तर वाजत नाही. निरोगी कशाला काढायची?" साडू.

"एकाच दिवशी बसल्यात, एकाच रस्त्यावर फिरल्यात. आज नाय तर दिवाळीत वाजंल."

मग टॉमी घेऊन त्यांनी दांडा बुशापाशी उचकला. दांडा वर सरकला, बुश जागेवरच. भोक लांबट झालं होतं. समोरच्या पार्टच्या दुकानात पोऱ्या गेला आणि रिकामा परत आला. दुकानदार विचारत होता, किती एमएमचा? दांडा गाडीगाडीत आणि मॉडेलमॉडेलमध्ये वेगळा असतो, आणि भोक एक मिलिमीटरने मोठं घेतलं तर आवाज नव्या बुशाबरोबरच घरी येतो. दांडा पुसून व्हर्नियर लावला. वीस.

"बावीसचा दांडाच टाकला तर?" साडूंनी विचारलं. त्यांना आता गाडीत रस वाटायला लागला होता. "दोनच मिलिमीटरचा फरक."

इथं सासऱ्यांचा सूर्य पुन्हा उगवला. पिळाला होणारा विरोध जाडीच्या चौथ्या घाताने वाढतो, एवढं मी म्हणायचा अवकाश, त्यांनी गॅरेजच्या भिंतीवर बोटानेच मांडायला घेतलं. विसाचे बावीस म्हणजे एक पूर्णांक एक पट. त्याचा वर्ग १.२१. त्याचा पुन्हा वर्ग १.४६४१. "जवळजवळ दीडपट ताठ! दोन मिलिमीटरांत!" मिस्त्रींनी आदराने भिंतीकडे पाहिलं. "आणि मग ते ओझं लिंकवरच येणार. नको," म्हणाले. गणिताचा उपयोग होतो तो असा, कुणी मध्ये शहाणा उभा असेल तर.

बुश बसवताना मी ग्रीसचा डबा पुढं केला. मिस्त्रींनी तो बाजूला सारला आणि साबणाचं पाणी मागवलं. साध्या ग्रीसने रबर फुगतं. बुशाला एका बाजूने चीर असते, ती उघडून दांड्यावर चढवायचा, आणि चीर जुन्या बुशाची होती त्याच दिशेला ठेवायची. वरून पट्टी. पट्टीचा मागचा बोल्ट अशा ठिकाणी की तिथं डोळा पोचत नाही, फक्त बोटं. मिस्त्री शेडच्या छपराकडे बघत तो लावत होते आणि तोंडाने जुन्या मारुती ८०० बद्दल सांगत होते. त्या गाडीत हाच दांडा चाक मागं-पुढं धरून ठेवायचं कामही करायचा, त्यामुळे तिचे बुश गेले की ब्रेक मारताना चाकच हलायचं. "ती गाडी बोलायची नाय," म्हणाले, "ती डायरेक्ट करायची." शेवटचं आवळणं गाडी चाकांवर उभी असताना.

लिंकची जोडी, बुशांची जोडी आणि मजुरी मिळून जे झालं ते शॉकअपच्या पावतीच्या पाव भागही नव्हतं. ते ऐकून बायको माझ्याकडे बघत राहिली. मी गाडी सुरू केली.

गुहागरकडे चाळीस-पंचेचाळीस किलोमीटर. पहिला ब्रेकर तिरका घेतला. काही नाही. पहिला खड्डा. काही नाही. मागून टाळ्या पडल्या. पण सासरे गप्प.

"एका खड्ड्यावरून निष्कर्ष काढू नये," ते म्हणाले. "डावं चाक घाला."

डावं घातलं. मग उजवं. मग लागोपाठ डावं-उजवं, कारण पीळ दोन्ही दिशांनी तपासला पाहिजे. मार्गताम्हान्याच्या अलीकडे रस्त्याची उजवी बाजू गुळगुळीत होती, म्हणून सासऱ्यांनी मला डावीकडेच ठेवलं. आता साडूही मागून सूचना करत होते: "तो मोठा राहिला! तो चुकवू नका!" बेताचा खराब रस्ता अखेर सापडला होता आणि आम्ही त्याचा इंच न इंच वापरत होतो.

मागं माशांची टोपली बांधलेला एक मोटारसायकलवाला बराच वेळ आमच्या मागोमाग नागमोडी येत होता. शेवटी त्याने खिडकीशी गाडी आणली.

"ओ भाऊ, पुण्याचे ना? खड्डे चुकवायचे असतात!"

सासऱ्यांनी काच पूर्ण खाली घेतली. "पुढं आणखी आहेत का हो?"

त्याने एकदा त्यांच्याकडे, एकदा आमच्या नंबरप्लेटकडे पाहिलं.

"भरपूर. शृंगारतळीपर्यंत काय काळजी नाय."