घरातली जास्तीची भाषा कशी काढावी

ज्या घरांत दोन, तीन किंवा (काही हाताबाहेर गेलेल्या उदाहरणांत) चार भाषा नांदतात, त्यांच्यासाठी हे मार्गदर्शन आहे. आजी कोकणीत हाक मारते, बाबा मराठीत रागावतात, भाजीवाल्याशी हिंदीत घासाघीस होते आणि गृहपाठ इंग्रजीत. एवढा पसारा सांभाळण्यापेक्षा एक भाषा ठेवून बाकीच्यांना नारळ द्यावा, असं पुष्कळ पालकांना वाटतं. पण पद्धत ठाऊक नसते. नवखे लोक उगाच भाषेवरच्या प्रेमावर घाव घालत बसतात. प्रेम मुळीच आड येत नाही. आपल्या भाषेवर जीव ओवाळून टाकणारी आणि ती पोरांना न देणारी माणसं दर गृहसंकुलात चार सापडतील. भाषा टिकते ती तिच्याकडे रोजचं काही काम असतं म्हणून. तेव्हा तिला हाकलू नये, फक्त तिचं काम काढून घ्यावं.

या बाबतीत हयगय केली तर काय होतं, हे सांगली जिल्ह्यातल्या कुपवाडमध्ये दिसलं. जॉन गम्पर्झ आणि रॉबर्ट विल्सन यांनी या गावाचा अभ्यास १९७१ साली प्रसिद्ध केला. जैन आणि लिंगायतांच्या घरी कानडी, मुसलमानांच्या घरी उर्दू, दलितांच्या आणि भूमिहीन मजुरांच्या घरी मराठी, दोरखंड वळणाऱ्यांच्या घरी तेलुगू. पिढ्यान् पिढ्या एकमेकांशी बोलून या भाषांची व्याकरणं इतकी जवळ आली होती, की एका भाषेतल्या वाक्यात शब्दाच्या जागी शब्द ठेवला की दुसरीतलं वाक्य तयार. तिथल्या उर्दूला ‘नदी आया’ म्हणायला काही वाटत नसे. म्हणजे वाक्यरचना एक झाली होती, शब्दच तेवढे एक करायचे राहिले होते. कुणीही व्यवहारी माणूस विचारेल, मग तेवढं उरकून का नाही टाकलं? कारण आपल्या माणसांशी बोलण्याचं काम घरच्या भाषेकडे होतं, आणि दुसऱ्या जातीच्या माणसाशी व्यवहार करताना बहुधा दोघांपैकी कुणाच्याच घरची नसलेली मराठी सोयीची पडत असे. प्रत्येकीला आपापली नोकरी होती. नोकरी पक्की असलेल्या भाषेपुढे व्याकरणाचंही काही चालत नाही.

म्हणून आधी कामांची यादी करावी. फ्रान्स्वा ग्रोजाँ या अभ्यासकाने १९८९ साली बजावून ठेवलं आहे, की द्विभाषिक माणूस म्हणजे एका अंगात कोंबलेले दोन एकभाषिक नव्हेत. त्याच्या भाषांनी आयुष्यातली कामं वाटून घेतलेली असतात. पहिलं काम आकड्यांचं. माणूस बहुधा ज्या भाषेत पाढे घोकतो त्याच भाषेत मनातल्या मनात हिशेब करतो, तेव्हा पाढे इंग्रजीत घ्यावेत. ‘एकोणसत्तर’ ऐकून मूल आईच्या तोंडाकडे बघायला लागलं की पुढे जावं. दुसरं आणि खरं कळीचं काम म्हणजे शाळेतून आल्यावरची हकीकत: कोण रडलं, कुणी डबा सांडला, बाई कुणाला काय बोलल्या. इथे भाषेला कारण सांगावं लागतं, तक्रार करावी लागते, नक्कल करावी लागते, थोडं खोटंही बोलावं लागतं. ही हकीकत एकदा दुसऱ्या भाषेत गेली की बाकीची भाषा आपसूक पोकळ होते. ‘जेव’, ‘झोप’, ‘चप्पल काढ’ एवढ्या आज्ञा तिच्याकडे खुशाल राहू द्याव्यात. त्यांना उत्तर द्यावं लागत नाही. आरतीही राहू द्यावी, ती अर्थ न कळता म्हणता येते. ‘त्याला सगळं समजतं हो, फक्त बोलत नाही’ हे वाक्य पाहुण्यांपुढे अभिमानाने म्हणता आलं की आपला वाटा पुरा झाला. उरलेलं पुढची पिढी बघेल. अमेरिकेत गेलेल्या कुटुंबांना या कामाला साधारण तीन पिढ्या लागतात. आपण व्हिसाशिवाय दोन पिढ्यांत उरकू शकतो.

काही हितचिंतक धीर द्यायला येतील, की दोन भाषांनी मूल गोंधळतंच, तुम्ही योग्य करताय. त्यांच्या हाती डी. जे. सेअर यांचा १९२३ सालचा वेल्समधला अभ्यास द्यावा. त्यात द्विभाषिक मुलं बुद्धिचाचणीत मागे पडलेली दिसतात. फक्त पानं जपून उलटावीत, कारण मागे पडली ती खेड्यातली. शहरातल्या मुलांत असा फरक दिसलाच नव्हता. एलिझाबेथ पील आणि वॉलेस लँबर्ट यांनी १९६२ साली माँट्रियलमध्ये सारख्या आर्थिक स्तरातली मुलं निवडून तुलना केली, तेव्हा द्विभाषिकच पुढे निघाले. हा दुसरा अभ्यास घरात आणू नये.

दुसरा आक्षेप शुद्धतावाद्यांचा: मूल ‘बॉटलीत वॉटर भर’ म्हणतं, याला काय भाषा म्हणायची? शाना पोपलॅक यांनी १९८० साली न्यूयॉर्कमधल्या प्वेर्तोरिकन लोकांबद्दल दाखवलं, की एकाच वाक्याच्या पोटात सफाईने भाषा बदलणारे बहुतेक दोन्ही भाषांत तरबेज असतात. ‘बॉटलीत’ म्हणणाऱ्या पोराने उसन्या शब्दाचं सामान्यरूप करून त्याला प्रत्ययसुद्धा लावलेला असतो. म्हणजे मिसळणं हे भाषा अजून कामावर असल्याचं चिन्ह आहे आणि आपल्या दृष्टीने धोक्याचं. त्यावर ‘नीट बोल, नाहीतर बोलूच नकोस’ हा जालीम उपाय आहे. मूल दोन पर्यायांतला सोपा निवडतं. या कामी शुद्धतावाद्यांइतके भरवशाचे मदतनीस दुसरे नाहीत, आणि ते पैसेही घेत नाहीत.

इंग्रजीशिवाय पोट भरणार कसं, हा आक्षेप मात्र पोकळ नाही. पण त्यातून इंग्रजी यायला हवी एवढंच सिद्ध होतं. त्यासाठी दुसरी का जायला हवी, ते नाही. असा विचार मनात आला तर तो दाबावा, नाहीतर सगळी मेहनत वाया. दाबण्याजोगी आणखी एक गोष्ट म्हातारपणाची: हैदराबादेत सुवर्णा अल्लाडी आणि सहकाऱ्यांनी स्मृतिभ्रंशाच्या ६४८ रुग्णांचा अभ्यास २०१३ साली प्रसिद्ध केला. एकाहून जास्त भाषा बोलणाऱ्यांत आजार सरासरी साडेचार वर्षं उशिरा दिसला होता, निरक्षरांतसुद्धा. असे निष्कर्ष सगळ्या अभ्यासकांना मान्य नाहीत, वाद चालू आहे. तेवढ्या वादाचा आधार घेऊन विषय बदलता येतो. सरकारी दप्तराचीही धास्ती नको. जनगणनेत मातृभाषेखेरीज आणखी दोनच भाषांची नोंद होते. चौथी गेल्याचं कुणाला कळत नाही.

घर असं मोकळं झालं की आठवीत मुलाला फ्रेंच घ्यायला लावावं. भाषा शिकल्याने बुद्धी तल्लख होते हे तोवर सगळ्यांना पटलेलं असतं. सरावासाठी घरात रोज कुणीतरी गप्पा मारायला हवं, असं शिक्षिका सांगेल; त्याची वेगळी शिकवणी मिळते.